आईने याचिका मागे घेतली

उच्च न्यायालयाचा तो आदेश जेमतेम एका पानाचा आहे. आईला जादा दिलेल्या पगाराच्या वसुलीचं पत्र रद्द केल्याचं जिल्हा परिषदेच्या वकिलांनी सांगितलं, ते नोंदवून घेतलं. आमच्या वकिलांनी याचिका मागे घेण्याची परवानगी मागितली, ती दिली. व्याजासाठी कार्यालयाकडे निवेदन करायची आणि पुन्हा अशी वसुली निघाली तर न्यायालयात यायची मुभा राखून याचिका निकाली. खर्चाबाबत आदेश नाही.

आईचे पैसे तोवर तिच्या खात्यात जमा झाले होते. घरात सगळ्यांना हायसं वाटलं, मलाही वाटलं. तरी ते पान हातात आलं की मी त्यात एक वाक्य शोधते. ही वसुली बेकायदा होती, एवढंच. ते तिथे नाही, आणि नसणं कायद्याला धरूनच आहे. ते वाक्य लिहायची वेळ येण्याआधीच भांडण संपलं होतं. पैसे मिळाले की न्याय मिळाला असं समजायची आपल्याकडे रीत आहे. मला ती पटत नाही, म्हणून हे लिहिते आहे.

आई मराठवाड्यातल्या एका तालुक्यात जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शाळेत शिक्षिका होती. निवृत्तीच्या आधी तिचं सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे गेलं आणि शेरा घेऊन परत आलं. बारा वर्षांच्या सेवेनंतर मिळणारी वरिष्ठ वेतनश्रेणी तिला ज्या तारखेपासून दिली होती, त्या तारखेला तिचं सेवांतर्गत प्रशिक्षण पूर्ण झालेलं नव्हतं. सबब वेतनश्रेणी प्रशिक्षणानंतरच्या तारखेपासून धरावी आणि जादा प्रदान झालेली रक्कम वसूल करावी. प्रशिक्षण घेणं शिक्षकाच्या हातात नसतं. यादी वरून येते, वर्ग वरून लागतात. त्या वर्षी ते लागलेच नव्हते. कार्यालयाने एकाच आदेशाने तालुक्यातल्या बऱ्याच जणांना वेतनश्रेणी दिली, त्यात आईही होती. तिने अर्ज केला नव्हता, कुठे खोटं लिहिलं नव्हतं. पुढे वेतन आयोग येत गेले, प्रत्येक वेळी त्याच पायावर नवी वेतननिश्चिती झाली आणि सुरुवातीचा किरकोळ फरक वाढत वाढत पावणेतीन लाखांवर गेला. ते पैसे तिच्या ग्रॅच्युइटीतून परस्पर कापले गेले. कापायच्या आधी नोटीसही नव्हती.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे त्या दिवसांत आम्हाला नातेवाइकांनी किती वेळा ऐकवलं! काळजीपोटीच बोलत होते सगळे. पण ज्या निकालाच्या आधारावर आम्ही पायरी चढलो, तो निकाल ज्यांच्यामुळे लागला तेही कधीतरी पायरी चढलेच होते की. पंजाब सरकार विरुद्ध रफिक मसीह या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १८ डिसेंबर २०१४ रोजी स्पष्ट सांगितलं: मालकाच्या चुकीने जादा पगार दिला गेला असेल तर काही परिस्थितींत तो वसूल करता येणार नाही. तिसऱ्या आणि चौथ्या वर्गातले कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, पाच वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम मिळत आलेले, अशी ती यादी आहे. आई गट क मधली, निवृत्त झालेली, आणि जादा प्रदानाला तर कितीतरी वर्षं लोटलेली. मे २०२२ मध्ये थॉमस डॅनियल या केरळमधल्या निवृत्त शिक्षकाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा तेच तत्त्व लावलं.

मग कार्यालयाची बाजू काय होती? एक हमीपत्र. उत्तरादाखल शपथपत्राला त्याची झेरॉक्स जोडलेली होती. छापील मजकूर, शाई उडालेली. 'वेतननिश्चिती चुकीची आढळल्यास जादा रक्कम परत करीन' अशा अर्थाचं वाक्य, रिकाम्या जागेत आईचं नाव दुसऱ्याच कुणाच्या तरी अक्षरात, तारखेची जागा कोरी, आणि खाली आईची ठळक, शाळामास्तरणीची सही. ही सही तिला आठवत होती. सहाव्या वेतन आयोगाच्या वेळी, सुधारित वेतन नियम २००९ मध्ये आले तेव्हा, केंद्रप्रमुखांनी विकल्पाच्या फॉर्मबरोबर हमीपत्रांचा गठ्ठा शाळेत आणला होता. वर्ग सोडून एकेक जण ऑफिसात आला आणि सही करून गेला. सही केली नाही तर नवा पगार निघणार नव्हता. कुणी वाचलं असेल असं तिला वाटत नाही.

या कागदाला कायद्यात आधार आहे, हेही सांगायला हवं. जगदेव सिंह प्रकरणात २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की सुधारित वेतन घेताना कर्मचाऱ्याने असं हमीपत्र दिलं असेल तर तो त्याला बांधलेला आहे, वसुली करता येते. पण जगदेव सिंह न्यायिक अधिकारी होते. हमीपत्र म्हणजे काय आणि त्यावर सही केल्याने काय होतं, हे ज्याला पुरतं कळतं असा माणूस. ज्या शिक्षिकेला सही नाही तर पगार नाही अशा स्थितीत छापील फॉर्म पुढे केला जातो, तिलाही तोच नियम लावायचा का? रफिक मसीहने दिलेलं संरक्षण एका सरसकट छापील कागदाने संपतं का? आमच्या याचिकेचा जीव या प्रश्नात होता. आमच्या वकिलांनी त्यावर मेहनत घेऊन टिपण काढलं होतं. मॅटर अंतिम सुनावणीच्या बोर्डावर आलं होतं.

आणि नेमकं त्याच सुमाराला कार्यालयाचं पत्र आलं. 'संदर्भीय पत्रान्वये प्रस्तावित केलेली वसुलीची कार्यवाही रद्द करण्यात येत आहे.' कारण दिलेलं नव्हतं. चूक झाली असंही नाही, न्यायनिर्णयाचा आधारही नाही. थोड्या दिवसांत रक्कम जमा झाली.

वकीलसाहेबांनी आईला बोलावून घेतलं. "बाई, ज्या पत्राला आपण आव्हान दिलं ते पत्रच आता राहिलं नाही. जिल्हा परिषद कोर्टात हेच सांगणार. याचिका इन्फ्रक्चुअस झाली, म्हणजे तिला आता अर्थ उरला नाही." मी विचारलं, हमीपत्राच्या मुद्द्याचं काय? ते म्हणाले, कोर्ट पुस्तकी प्रश्नांची उत्तरं देत नाही. समोर जिवंत भांडण लागतं. व्याजाचा मुद्दा तेवढा उरतो, कारण निवृत्तिवेतनाच्या १९८२ च्या नियमांत प्रशासकीय दिरंगाईने उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी, उशिरा मिळालं तर व्याज द्यायची तरतूद आहे. त्यासाठी याचिका लावून धरता येईल, किंवा कार्यालयाकडे निवेदन करायची मुभा घेऊन मागे घेता येईल. ठरवा तुम्ही.

माझं मत लावून धरायचं होतं. याचं कारण आईच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर होतं. ज्या एका आदेशाने आईला वेतनश्रेणी मिळाली, त्याच आदेशातल्या तिच्या मैत्रिणींच्या सेवापुस्तकांवर तोच शेरा पडला होता. त्यांच्याही ग्रॅच्युइटीतून पैसे कापले होते. एका निवृत्त सरांच्या तर पेन्शनमधून हप्ते चालू होते. त्यांच्यापैकी कुणी कोर्टात गेलेलं नव्हतं. बाईंचा निकाल लागला की आपलंही होईल, या आशेवर सगळे थांबले होते. कार्यालयाने आईचं पत्र रद्द केलं, त्यांची तशीच ठेवली. एका टेबलावर, एकाच शेऱ्याच्या फायली, आणि फरक एवढाच की एकीवर याचिकेचा क्रमांक होता.

हे आमच्याच बाबतीत घडलं असं मी समजत नाही. सरकारी कामकाजाशी ज्यांचा संबंध येतो त्यांनी हे पाहिलेलं असतं. सुनावणी तोंडावर आली की जात वैधता प्रमाणपत्र मिळतं, बदली रद्द होते, अडलेली मान्यता निघते. त्या एका माणसाचं काम होतं आणि निकाल मात्र होत नाही. निकाल झाला असता तर तो पुढच्या दहा जणांना दाखवता आला असता. 'याचिका मागे घेतली' असा आदेश कुणाला दाखवायचा? त्यात पुढच्याला धरून चालता येईल असं काहीच नसतं. हरण्याची शक्यता दिसली की एकाचं काम करून टाकायचं आणि बाकीच्यांवरचा हक्क शाबूत ठेवायचा, हे ज्या कार्यालयाला जमलं त्याला आपली पद्धत बदलायची गरजच पडत नाही. कुणी ठरवून करत असेल किंवा नसेल. परिणाम तोच आहे, आणि तो मला फार अन्यायाचा वाटतो.

असा मोकळा राहिलेला प्रश्न कुठे जात नाही, तो दुसऱ्याच्या नावाने परत येतो. अमेरिकेत मार्को डिफ्युनिस नावाच्या विद्यार्थ्याने वॉशिंग्टन विद्यापीठाच्या लॉ स्कूलने प्रवेश नाकारला म्हणून दावा केला होता. वांशिक अल्पसंख्याकांना प्रवेशात झुकतं माप देणं घटनेत बसतं का, हा मुद्दा. खालच्या न्यायालयाच्या आदेशाने त्याला प्रवेश मिळाला आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोचेपर्यंत तो शेवटच्या सत्रात होता. १९७४ मध्ये पाच विरुद्ध चार मतांनी न्यायालय म्हणालं, याचं शिक्षण पुरं होतंच आहे, आता ठरवण्यासारखं काही उरलं नाही. न्यायमूर्ती ब्रेनन यांनी विरोधी मत लिहिलं की हा प्रश्न फिरून इथेच येणार आहे. १९७८ मध्ये बाकी नावाच्या विद्यार्थ्याच्या प्रकरणात तो आला. मधल्या चार वर्षांत किती मुलांचे प्रवेश त्या न सुटलेल्या प्रश्नाखाली झाले असतील, असा विचार माझ्या मनात येतो.

आपल्याकडे याची दुसरी बाजू मराठी वाचकाला जवळच्या वाटणाऱ्या एका प्रकरणात दिसते. मुंबईच्या पत्रकार शीला बारसे यांनी देशभरातल्या तुरुंगांत डांबलेल्या लहान मुलांसाठी सर्वोच्च न्यायालयात याचिका केली होती. वारंवारच्या तहकुबींना कंटाळून त्यांनी ती मागे घेण्याची परवानगी मागितली. १९८८ मध्ये न्यायालयाने त्यांना बाजूला व्हायला परवानगी दिली, याचिका मात्र मागे घेऊ दिली नाही. ती सर्वोच्च न्यायालयाच्या विधी सहाय्य समितीकडे सोपवली. जनहित याचिकेत मागणारी व्यक्ती त्या मागणीची एकटी मालक नसते, हे त्यातलं सूत्र. तुरुंगातली मुलं तिथेच होती, त्यामुळे भांडण संपलेलं नव्हतं.

आईची याचिका जनहिताची नव्हती. ती तिच्या पैशांची होती. कायद्याच्या नजरेत तिच्या मैत्रिणी त्यात कुठेच नव्हत्या. मला मात्र त्या प्रत्येक पानावर दिसत होत्या.

निर्णय आईने घेतला, आणि तो तिने खंडपीठात बसून घेतला. आम्ही सकाळच्या मराठवाडा एक्सप्रेसने औरंगाबादला (आईच्या तोंडी अजून हेच नाव आहे) पोचून जालना रोडवरच्या खंडपीठात गेलो होतो. आमचा नंबर बराच खाली होता. आमच्या आधी एका मुलीचं प्रकरण पुकारलं. जात पडताळणीच्या समितीने दावा फेटाळलेला, प्रवेश घ्यायची मुदत त्याच आठवड्यात संपणारी. मुलगी मागच्या बाकावर आमच्या शेजारी बसली होती. प्लॅस्टिकच्या पिशवीत सगळी मूळ कागदपत्रं, पणजोबांच्या शाळेच्या दाखल्याची पिवळी प्रत वरच ठेवलेली. पुकारा झाला तसे तिचे वडील उठून उभेच राहिले, बसायला सांगितलं तरी बसेनात. न्यायमूर्तींनी ती प्रत मागवून घेतली, अक्षर लावून वाचली, सरकारी वकिलांना दोन-तीन प्रश्न विचारले. वेळ गेला त्यात. जायलाच हवा होता. दुपारच्या सुट्टीत आई मला म्हणाली, "त्या मुलीचं आज झालं नसतं तर वर्ष गेलं असतं. आपलं काही आज जाणार नाहीये. आपले पैसे आलेत. या खुर्चीपुढचा वेळ आता आपला नाही."

मी मैत्रिणींचं नाव काढलं. ती म्हणाली, "त्यांच्या प्रश्नासाठी त्यांनी उभं राहायला हवं. माझ्या आड बसून कसं चालेल? मी सांगेन त्यांना. बरोबर जाईन." तीस-पस्तीस वर्षं मुलांना आपलं गणित आपण सोडवायला लावणारी बाई होती ती. तिच्याशी वाद घालण्यात अर्थ नव्हता, आणि खरं सांगायचं तर ती योग्यच बोलत होती.

पण याचिका मागे घेण्यातही घेणं असतं. तोंडी 'विड्रॉ' म्हणून मोकळं होता येतं, आणि नीट शब्दांत बांधूनही घेता येतं. वकीलसाहेबांनी हस्तलिखित पुरसिस, म्हणजे कोर्टात द्यायचं लेखी निवेदन, तयार केली, तेव्हा ते प्रत्येक वाक्यावर थांबून आईला समजावून देत होते. १९८६ च्या सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवून दिलंय की नव्याने याचिका करायची मुभा न घेता जो याचिका मागे घेतो, त्याला त्याच कारणासाठी पुन्हा राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात येता येत नाही. दिवाणी दाव्यांना हाच नियम दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ मध्ये आहे. उद्या नवा लेखाधिकारी आला आणि त्याने जुना शेरा पुन्हा उकरला तर? म्हणून मुभेचं वाक्य. वसुली रद्द झाल्याचं जिल्हा परिषदेने कोर्टापुढे सांगितलं आणि कोर्टाने ते मान्य करून नोंदवलं, हे दुसरं वाक्य. कार्यालयाचं पत्र कार्यालय फिरवू शकतं, कोर्टात केलेलं विधान सहज फिरवता येत नाही. तिसरं वाक्य व्याजाचं. आईने चष्मा लावून सगळं वाचलं, एका ठिकाणी रक्कम अंकांत होती ती अक्षरांतही लिहायला लावली, तारीख स्वतःच्या हाताने घातली आणि मग सही केली.

पुकारा झाल्यावर सगळं दोन मिनिटांत आटोपलं. मला वाटत होतं, न्यायमूर्तींनी जिल्हा परिषदेच्या वकिलांना एक प्रश्न विचारावा: हे पत्र का रद्द केलं, आणि असं पत्र आणखी किती जणांना दिलं आहे? विचारला असता तर उत्तर शपथपत्रावर मागवता आलं असतं. मी त्यांना दोष देत नाही. समोर तक्रारदार नसताना दुसऱ्यांच्या तक्रारी उकरायचं कोर्टाचं काम नाही, आणि बोर्डावर अजून ढीग होता. तरी सरकारी कार्यालय सुनावणीच्या तोंडावर माघार घेतं तेव्हा एवढं एक शपथपत्र घ्यायची सरसकट पद्धत पडावी, असं मला मनापासून वाटतं. तसं शपथपत्र असतं तर पेन्शनमधून हप्ते जाणाऱ्या त्या सरांना आदेशाची प्रत घेऊन कार्यालयात जाता आलं असतं. खर्चाबाबतही तसंच. आईच्या वकिलांची फी, प्रत काढायचा खर्च, जाण्यायेण्याचे पैसे हे सगळं ज्याच्या पत्रामुळे झालं त्याने ते निमूट द्यावं, यात कुणाला शिक्षा नाही. साधा हिशेब आहे.

व्याजाचं निवेदन आईने पोचपावती घेऊन दिलं. त्याचं उत्तर अजून यायचं आहे. ती दर महिन्याला स्मरणपत्र टाकते, जावक क्रमांकाची वही तिने त्यासाठी वेगळी केली आहे.

मैत्रिणींना सांगण्याचं कामही तिने लगेच केलं. सगळ्या तयार झाल्या नाहीत. कुणाच्या मुलाची नोकरी त्याच जिल्हा परिषदेत, कुणाच्या घरी आजारपण, कुणाला वाटलं गेले ते पैसे गेले. पेन्शनचे हप्ते जाणाऱ्या सरांनी नको म्हणून सांगितलं. या वयात तारखा झेपणार नाहीत, म्हणाले. चौघीजणी पुढे आल्या. त्यांनी मिळून एक याचिका केली आहे, वकील तेच. आईचं रद्द झालेलं वसुलीपत्र आणि तो एक पानी आदेश सोबत जोडला आहे. त्यांचं म्हणणं, एकाच आदेशाने वेतनश्रेणी मिळालेल्या एका शिक्षिकेची वसुली रद्द आणि दुसरीची कायम, हे समानतेच्या अनुच्छेद १४ मध्ये बसत नाही. कार्यालयाच्या उत्तरात लिहिलं आहे की त्या प्रकरणातली वसुली 'प्रशासकीय कारणास्तव' रद्द केली होती, तो पायंडा समजू नये. पुढे तोच हमीपत्राचा परिच्छेद आहे, शब्दन् शब्द तोच. चौघींची हमीपत्रं जोडली आहेत. चारही कागदांवर नावं एकाच हस्ताक्षरात आहेत आणि चारही ठिकाणी तारीख कोरी आहे. आमच्या वकिलांनी प्रत्युत्तरात आईचं हमीपत्र पाचवं म्हणून जोडलं.

पुढच्या तारखेला त्या मुद्द्यावर युक्तिवाद आहे आणि आई त्यांच्याबरोबर जाणार आहे. त्याआधी चौघींपैकी कुणाच्या खात्यात पैसे जमा झाले तर तिने हवं तर बाजूला व्हावं, बाकीच्यांनी याचिका चालू ठेवायची आणि वकिलांची फी चौघींनीच वाटून द्यायची, असं त्यांनी वकीलपत्रावर सह्या करायच्या आधीच ठरवून घेतलं आहे.